आडनावाचा रकाना : आमच्या क्रीडा समितीस खुले पत्र

प्रति,
क्रीडा समितीचे सर्व सदस्य,
आपले मंडळ, शिकागो परिसर

विषय : यंदाच्या युवा बास्केटबॉल स्पर्धेचा नियम क्रमांक ७

स.न.वि.वि.

मंडळाचं नाव मुद्दामच लिहिलेलं नाही. ज्यांना कळायचं त्यांना कळेल. हे पत्र आधी कार्यकारिणीच्या ईमेलवर पाठवलं होतं, तिकडून 'आपल्या सूचनेची नोंद घेतली आहे' एवढं एका ओळीचं उत्तर आलं. नोंद घेतली म्हणजे काय होतं, हे मी पंधरा वर्षं या मंडळात राहून पुरतं जाणतो. म्हणून आता सगळ्यांसमोर.

नियम ७ असा आहे : 'सामन्यात कोणत्याही क्षणी एका संघाचा एकाहून अधिक अ-मराठी खेळाडू मैदानावर असू नये.' रंगीत फ्लायरवर छापला आहे, खाली प्रायोजकाच्या मिठाईच्या दुकानाची जाहिरात आहे.

नोंदणीच्या रविवारी काय झालं ते तुमच्यातल्या तिघांनी पाहिलं, बाकीच्यांसाठी सांगतो. भाड्याने घेतलेल्या शाळेची जिम. एका घडीच्या टेबलावर चहाचा थर्मास आणि पोह्यांचा ॲल्युमिनियमचा ट्रे, दुसऱ्यावर आपला स्वयंसेवक क्लिपबोर्ड घेऊन. कागदावर चार रकाने : नाव, आडनाव, वय आणि 'म/अम'. माझ्या संघातला बॉल खेळवणारा मुलगा पुढे गेला. त्याची आई सांगलीची, वडील शिकागोच्या साउथ साइडचे. आडनाव अर्थातच वडिलांचं. स्वयंसेवकाने कागदाकडे पाहिलं, मुलाकडे पाहिलं, मग शेजाऱ्याला मराठीत विचारलं, "आई आपली आहे म्हणतात. मग याला अर्धा धरायचा का?" आणि हसला. मनात वाईट काही नव्हतं त्याच्या, हे मलाही ठाऊक आहे. पण पोरगा दर रविवारी आजीशी फोनवर तासभर मराठी बोलतो. त्याला 'अर्धा' कळतं. तो बाकावर येऊन बसला आणि बुटाची नाडी बांधायला लागला. नाडी बांधलेलीच होती.

आडनाव विचारून माणूस जोखायची आपली खोड काही अमेरिकेत आल्यावर लागलेली नाही. ती आपण सामानातूनच आणली. पण तो विषय वाढवत नाही. मला बोलायचंय ते बास्केटबॉलबद्दल, आणि तेही तुम्ही-आम्ही दर शनिवारी जिथे भाजी घेतो तिथल्या बास्केटबॉलबद्दल.

डेव्हन अ‍ॅव्हेन्यूवर आपण सगळेच जातो. मेथीची जुडी, कांदा-लसूण मसाला, गणपतीच्या आधी मोदकाचा साचा. त्याच रस्त्याने पूर्वेला तळ्याच्या दिशेने गेलात, तर दोनेक मैलांवर रस्ता जिथे संपतो तिथे लोयोला विद्यापीठ आहे. २०१८ साली त्यांचा संघ 'फायनल फोर'पर्यंत, म्हणजे राष्ट्रीय स्पर्धेच्या शेवटच्या चारांत गेला, तेव्हा संघासाठी प्रार्थना करणाऱ्या ९८ वर्षांच्या नन सिस्टर जीन व्हीलचेअरवर बसून सामने बघायच्या आणि आपल्या व्हॉट्सॲप ग्रुपवर त्यांचे फोटो फिरत होते. समितीतल्या एकाने तर मरून-सोनेरी मफलरही घेतला होता. पण त्या संघाचा खरा मोसम तो नव्हे. तो १९६२-६३ चा. पुरुषांच्या कॉलेज बास्केटबॉलमध्ये सर्वोच्च गटाच्या राष्ट्रीय स्पर्धेचं विजेतेपद मिळवणारं इलिनॉय राज्यातलं एकच विद्यापीठ आजवर झालंय, ते हे, आणि ते त्या वर्षी.

त्या काळी कॉलेजच्या कोचांमध्ये एक हिशेब चालायचा. कृष्णवर्णीय खेळाडू किती उतरवायचे? घरच्या मैदानावर दोन, बाहेर तीन, आणि हरायला लागलात तर चार. सांगायचे चेष्टेने, पाळायचे मनापासून. लिहिलेलं कुठेच नव्हतं. आपण निदान लिहून, छापून आणि मिठाईच्या जाहिरातीसकट वाटलं, एवढा प्रामाणिकपणा आपल्याकडे आहे खरा.

लोयोलाचे कोच जॉर्ज आयर्लंड यांनी तो हिशेब मोडला. ते समाजसुधारक होते असं काही मी म्हणणार नाही. मला तरी ते जिंकायला हपापलेले कोच वाटतात, आणि जिंकायचं तर सगळ्यात चांगले पाच उतरवा, इतकं साधं गणित. सुरुवातीच्या पाचांत चार कृष्णवर्णीय : कर्णधार जेरी हार्कनेस आणि रॉन मिलर न्यूयॉर्कचे, लेस हंटर आणि व्हिक राउझ नॅशव्हिलच्या एकाच शाळेतले. पाचवा जॉन ईगन, शिकागोचाच, गोरा. या हार्कनेसला शाळकरी वयात हार्लेमच्या वायएमसीएमध्ये चेंडू टाकताना कुणी पाहिलं असेल? बेसबॉलमधली वर्णबंदी मोडणाऱ्या जॅकी रॉबिन्सन यांनी. तुला खेळावर कॉलेजात जाता येईल, असं त्यांनी त्याला सांगितलं. त्याआधी पोराच्या डोक्यात कॉलेज हा विषयच नव्हता.

हा संघ पळायचा. मोसमात सामन्यामागे सरासरी ९१.८ गुण, देशात सर्वाधिक. लक्षात घ्या, तेव्हा कॉलेजच्या खेळात तीन गुणांची रेषा नव्हती आणि शॉट क्लॉकही (ठरावीक सेकंदांत शॉट घ्यायचं बंधन) नव्हतं, म्हणजे पुढे गेलेला संघ चेंडू घेऊन आरामात वेळ काढू शकायचा. तरी ९१.८. मोसमभरात २ पराभव, बोलिंग ग्रीनकडून आणि विचिटाकडून. शेवटी २९ विजय. दक्षिणेत खेळायला गेले की प्रेक्षकांतून काय काय ऐकू यायचं ते इथे लिहिण्यासारखं नाही.

राष्ट्रीय स्पर्धेची पहिली फेरी इव्हन्स्टनला, म्हणजे आपल्या कोजागिरीच्या हॉलपासून फार लांब नाही. समोर टेनेसी टेक. निकाल १११–४२. एकोणसत्तर गुणांचा फरक! या स्पर्धेत इतक्या मोठ्या फरकाने पुढे कुणीच जिंकलं नाही. हा आकडा लक्षात ठेवा, मी त्याच्याकडे परत येणार आहे.

पुढचा सामना मिसिसिपी स्टेट या विद्यापीठाशी ठरला आणि इथे गोष्ट खेळाडूंच्या हातून पदाधिकाऱ्यांच्या हातात जाते. म्हणूनच हे पत्र तुम्हाला आहे, मुलांना नाही.

मिसिसिपी राज्यातल्या कॉलेजांनी कृष्णवर्णीय खेळाडू असलेल्या संघाशी खेळायचं नाही, असा तिथला रिवाज होता. कायदा नव्हे, रिवाज. मिसिसिपी स्टेटचा संघ तगडा. १९५९, १९६१, १९६२, तीनदा आपल्या विभागात पहिला आला आणि तीनही वेळा राष्ट्रीय स्पर्धेला न जाता घरी बसला. मुलं चार वर्षं घाम गाळणार, जिंकणार, आणि मग सूचनाफलकावर 'आपण जात नाही'. १९६३ मध्ये पुन्हा पहिले आले. सहाच महिन्यांपूर्वी त्याच राज्यात जेम्स मेरेडिथ या कृष्णवर्णीय विद्यार्थ्याला विद्यापीठात प्रवेश दिला म्हणून दंगल होऊन दोन माणसं मेली होती. वातावरण काय असेल, कल्पना करा.

विद्यापीठाचे अध्यक्ष डीन कॉलव्हर्ड यांनी मार्चच्या सुरुवातीला जाहीर केलं, या वेळी संघ जाईल. आरडाओरडा झाला. प्रकरण राज्याच्या उच्चशिक्षण मंडळापुढे गेलं. मंडळाची बैठक झाली, मतदान झालं, ८ विरुद्ध ३. संघ जाईल.

आठ विरुद्ध तीन. मी या आकड्यापाशी नेहमी थबकतो. बंद खोली, लांब टेबल, अकरा माणसं. त्यांच्यातल्या बहुतेकांनी आयुष्यात बास्केटबॉल हातात धरला नसेल. आपल्या समितीच्या झूम बैठकीत असतं तसंच काहीतरी असणार, एकाला घरी जायची घाई, एकाला भांडण नको, एकाचा मुद्दा दरवेळी तोच. त्यातून आठ हात वर झाले. आपल्या नियम ७ ला किती हात वर झाले होते? इतिवृत्तात 'सर्वानुमते' लिहिलंय. सात जणांच्या समितीत त्या दिवशी चार हजर होते, हेही तिथेच लिहिलंय.

एवढ्यावर संपलं नाही. त्याच विद्यापीठाचा माजी विद्यार्थी असलेल्या एका राज्य सिनेटरने कोर्टातून मनाईहुकूम आणला. माजी विद्यार्थीच आपल्या संघाला अडवतोय, हे आपल्याकडच्या कुठल्याही संस्थेत बसलेल्या माणसाला नवल वाटायचं नाही. हुकूम बजावायला शेरिफची माणसं येणार म्हणून बुधवारी रात्रीच कोच बेब मॅकार्थी गाडीने राज्याबाहेर मेम्फिसला गेले. अध्यक्ष अलाबामात. हुकूम हातात द्यायला कुणी सापडलंच नाही तर बजावणार कुणाला! गुरुवारी सकाळी राखीव खेळाडूंना आधी विमानतळावर पाठवून कानोसा घेतला, मग मुख्य संघ निघाला. विमान राज्याची हद्द ओलांडून नॅशव्हिलला, तिथून मिशिगनला. विशीतली पोरं, गोरी, खेड्यापाड्यांतली, एक सामना खेळायला आपल्याच राज्यातून चोरासारखी बाहेर पडली.

१५ मार्च १९६३, शुक्रवार, ईस्ट लॅन्सिंग. चेंडू उडवण्याआधी दोन्ही कर्णधार मध्यभागी आले. जेरी हार्कनेस आणि जो डॅन गोल्ड. हात मिळवला, आणि चहूबाजूंनी कॅमेऱ्यांचे बल्ब फटाफट उडायला लागले. हार्कनेस पुढे सांगायचे, त्या लखलखाटात मला पहिल्यांदा कळलं की हा नुसता सामना नाही.

सामना मात्र नुसता सामनाच झाला, आणि मला त्यातलं हेच सगळ्यात आवडतं. मिसिसिपी स्टेटने पहिले सात गुण घेतले, लोयोलाला खातंही उघडता येईना. मग लोयोला सावरली, मध्यंतराला पुढे, शेवटी ६१–५१. धक्काबुक्की नाही, शिवीगाळ नाही. घरी परतल्यावर मिसिसिपीच्या मुलांना कुणी तुरुंगात टाकलं नाही.

पुढे इलिनॉय विद्यापीठ, ७९–६४. मग ड्यूक, ९४–७५. आणि २३ मार्चला लुईव्हिलमध्ये अंतिम सामना, समोर सिनसिनाटी. आधीची दोन वर्षं विजेतेपद त्यांच्याकडे, देशात पहिला क्रमांक. त्यांच्याही पाचांत तीन कृष्णवर्णीय. म्हणजे अंतिम सामना सुरू झाला तेव्हा मैदानावरच्या दहांपैकी सात. दोन-तीन-चारचा तो हिशेब तिथल्या तिथे निकालात निघाला.

या सामन्याबद्दल मी तासभर बोलू शकतो, थोडक्यात आटोपतो. लोयोलाचे पहिल्या चौदांतले तेरा शॉट वाया. दुसऱ्या सत्रात एका वेळी ४५–३०, पंधराने मागे. शॉट क्लॉक नाही, समोर देशातला सगळ्यात शिस्तीचा संघ, आता ते चेंडू घोळवत बसणार आणि संपवणार. आमच्या नागपूरच्या सिमेंटच्या कोर्टवर असता, तर अर्धे प्रेक्षक सायकलला टांग मारून निघाले असते. लोयोलाने पूर्ण मैदानभर दाबून धरायला सुरुवात केली. चेंडू सुटायला लागले. १२ सेकंद उरले असताना सिनसिनाटी ५४–५२ ने पुढे आणि त्यांचा फ्री थ्रो चुकला. हंटरने रिबाउंड घेऊन मिलरकडे, मिलरने हार्कनेसकडे, आणि बराच काळ काही जमत नसलेल्या हार्कनेसने तो टाकला. ५४–५४. ओव्हरटाइम.

ओव्हरटाइममध्ये ५८–५८. शेवटच्या शॉटसाठी लोयोलाने चेंडू धरून ठेवला. हार्कनेस घुसला, वर उठला, समोरच्याचा हात आडवा आला, तर हवेतूनच चेंडू हंटरकडे दिला. हंटरचा शॉट कड्याला लागून बाहेर. व्हिक राउझ तिथेच उभा होता. त्याने तो धरला आणि आत टाकला. एक सेकंद शिल्लक. ६०–५८.

तक्ता पाहिला तर हसू येईल : ८४ शॉटपैकी २३ आत. इतक्या वाईट नेमबाजीवर कुणी राष्ट्रीय विजेता होतं का? पण चेंडू त्यांनी गमावला फक्त तीनदा आणि सिनसिनाटीने सोळा वेळा. आणि पंचेचाळीस मिनिटं तेच पाच जण खेळले. बदली खेळाडू एकही उतरला नाही. मोसमाच्या मध्यावर दोन-तीन चांगले राखीव खेळाडू अभ्यासात मागे पडल्याने संघाबाहेर गेले होते. (पालकहो, हे वाक्य मुलांना अवश्य वाचून दाखवा.)

आता तुमची बाजू. ती मला माहीत आहे आणि ती खोटी नाही. गेल्या वर्षी एका संघाने शाळेच्या मुख्य संघातली सव्वासहा फुटी चार पोरं आणली, ज्यांचा मंडळाशी संबंध फक्त त्या दिवशीच्या पोह्यांपुरता होता. त्यांनी सगळ्यांना चाळीस-चाळीस गुणांनी हरवलं, ढाल घेऊन गेले, लहान मुलं रडली, पालक तुमच्यावर खेकसले. नियम ७ त्यातून आला. मंडळ मराठी माणसांचं आहे, वर्गणी आपण भरतो, आपल्या पोरांना खेळायला मिळायला हवं, हेही मान्य. मिसिसिपीच्या दहशतीची आणि आपल्या फ्लायरची तुलना करण्याइतका मी उथळ नाही.

पण दुखणं कुठलं आणि मलम कुठे लावताय? त्रास बाहेरून ऐन वेळी आणलेल्या तयार खेळाडूंचा होता. मग नियम त्याचा करा : शाळेच्या मुख्य संघात खेळणारे दोनच घ्या. यादी सप्टेंबरात बंद करा. किमान सहा सरावांना हजेरी मागा. वयाचा दाखला पाहा. हे सगळं मोजता येतं आणि यात कुणाची आई मोजावी लागत नाही. नियम ७ मुळे गंमत अशी की, तो सव्वासहा फुटी मुलगा देशपांडे असेल तर चालतो आणि माझ्या शेजारचा साडेचार फुटी, चष्मेवाला, पाच वर्षं आमच्या अंगणातल्या हूपवर खेळणारा मुलगा बाकावर बसतो. माझ्या संघात असे तिघे आहेत. त्यांतल्या एकाला गणपतीची आरती माझ्या मुलापेक्षा जास्त पाठ आहे.

आणि तो १११–४२. टेनेसी टेक एकोणसत्तर गुणांनी हरली म्हणून पुढच्या वर्षी कुणी शिकागोच्या मुलांवर आकड्याचं बंधन घातलं नाही. हरले, घरी गेले, पुढच्या मोसमाच्या तयारीला लागले.

नॅशव्हिलच्या ज्या पर्ल हायस्कूलमधून हंटर आणि राउझ आले, त्याच शाळेतला पेरी वॉलेस हा मुलगा चार-पाच वर्षांनी व्हँडरबिल्टकडून खेळला. मिसिसिपी स्टेट ज्या विभागात खेळते, त्या अख्ख्या विभागातला तो पहिला कृष्णवर्णीय बास्केटबॉलपटू. शाळेच्या त्याच जिममध्ये तो वाढला, त्याच मोठ्या मुलांकडे बघत. २०१३ मध्ये, पन्नास वर्षांनी, लोयोलाच्या उरलेल्या खेळाडूंना व्हाइट हाउसमध्ये बोलावलं, ते ठीकच. मला जास्त लक्षात राहतं ते २०११ चं. जो डॅन गोल्ड वारले. हार्कनेस अंत्यविधीला गेले, इंडियानात राहणारे सत्तरीतले गृहस्थ. शवपेटीशेजारी कुटुंबाने फोटो ठेवले होते आणि त्यांत तो हस्तांदोलनाचा होता. हार्कनेसही २०२१ मध्ये गेले. मनाईहुकूम आणणाऱ्या सिनेटरचं नाव मला माहीत आहे, पण इथे लिहावंसं वाटत नाही.

समितीकडे मागणी एकच आहे. नियम ७ काढा आणि त्या जागी वर सुचवलेल्यांपैकी जो जमेल तो घाला. फ्लायर पुन्हा छापायचा खर्च मी देतो, मिठाईची जाहिरात तशीच राहू द्या. जमल्यास स्पर्धेच्या सकाळी प्रमुख पाहुण्यांचं भाषण दहा मिनिटांनी कमी करून मुलांना त्या अंतिम सामन्याची शेवटची दोन मिनिटं दाखवा. चित्रफीत कृष्णधवल आहे, पोरं कुरकुरतील, पण राउझने चेंडू आत टाकला की गप्प होतील. जमलं नाही तर राहू दे.

माझ्या संघाची यादी या पत्रासोबत जोडली आहे. नऊ खेळाडू. जर्सी क्रमांक, वय, उंची, आणि सहा सरावांची हजेरी तारखेसह लिहिली आहे. आडनावाचा आणि 'म/अम' चा असे दोन रकाने कोरे आहेत. ते भरल्याशिवाय यादी स्वीकारणार नसाल तर शुल्काचा चेक परत पाठवू नका, पोह्यांच्या खर्चात धरा. आम्ही त्या दिवशी सकाळी नऊला जिममध्ये येऊच. समोर कोण उभं राहील त्याच्याशी खेळू.

आपला,
एक कोच
(जर्सी धुण्याचं कामही माझ्याकडेच आहे)